गॉडफादरमधला तो बारवाला कोण? इटालियन कॅरॅक्टर ॲक्टरचं करिअर कसं फॉलो करायचं

गॉडफादर सगळ्यांनी बघितलेला असतो. त्यातला सिसिलीतला भाग आठवा. मायकेल दोन बॉडीगार्ड घेऊन एका गावातल्या बारच्या बाहेर बसलेला असतो, त्यातला फाब्रित्सियो बारवाल्याला मगाशी रस्त्यात दिसलेल्या पोरीचं वर्णन सांगायला लागतो, बारवाला आधी मस्त हसत हसत ऐकतो, आणि मग एका क्षणाला त्याच्या लक्षात येतं की अरे हे तर माझ्याच पोरीबद्दल बोलतायत, चेहरा खाडकन उतरतो आणि तो तावातावाने आत निघून जातो. तो बारवाला म्हणजे सारो उर्त्सी. कतानियाचा, म्हणजे अस्सल सिसिलियन. आणि त्या पाच मिनिटांच्या बारवाल्याला आठ वर्षं आधी फ्रान्सच्या कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये बेस्ट ॲक्टरचं अवॉर्ड मिळालेलं होतं, हे गॉडफादर पाठ असणाऱ्या लोकांनाही बऱ्याचदा माहिती नसतं.

इटालियन सिनेमात अशी माणसं ढिगाने आहेत. तिकडे त्यांना कारात्तेरीस्ता म्हणतात. हिरो नाही, व्हिलनही नाही, पण फौजदार, पाद्री, बाप, घरमालक, स्टेशनमास्तर असं काहीही असलं की यांनाच बोलवायचे. प्रत्येकाची स्वतःच्या प्रांताची छाप, कोणी नेपल्सचा, कोणी रोमचा, कोणी सिसिलीचा. असा एखादा नट पकडून त्याचं अख्खं करिअर बघायचं तर ते कसं करायचं, ते सांगतो. उदाहरणाला उर्त्सीच घेतो कारण त्याच्यात सगळे प्रकार सापडतात.

आधी एक गोष्ट. पहिल्या सिनेमापासून शेवटच्यापर्यंत ओळीने बघत जायचं डोक्यातून काढून टाका. हिरोच्या बाबतीत ते ठीक आहे, त्याचं करिअर चढतं, उतरतं, मध्ये फ्लॉप येतात, परत कमबॅक, एक स्टोरी असते. कॅरॅक्टर ॲक्टरचं तसं नसतं, तो वर्षाला भरपूर कामं करतो, त्यातली बरीचशी दोन मिनिटांची, काही नुसतीच पोट भरायला केलेली, आणि सुरुवातीच्या सिनेमांमध्ये तर तो गर्दीत कुठेतरी उभा असतो आणि तुम्ही पॉज करून करून डोळे दुखवून घेता. उर्त्सी तरुणपणी कतानिया सोडून रोमला आला, मिळेल ते काम केलं, आणि मग सिनेमात एक्स्ट्रा म्हणून शिरला. तो काळ नंतर बघा. किंवा नाही बघितला तरी चालेल.

मग सुरुवात कुठून? जिथे तुम्हाला तो चेहरा आधीच माहिती आहे तिथून. आपल्यासाठी ते बहुतेक वेळा हॉलिवूडचं एखादं पिक्चर असतं. उर्त्सीसाठी गॉडफादर, 1972. तो सीन परत बघा पण या वेळी अल पचिनोकडे अजिबात बघू नका, फक्त बारवाल्याकडे बघा. हसू कुठे थांबतं ते बघा. तो लगेच ओरडत नाही, आधी चेहऱ्यावरचं सगळं बंद होतं, मग आवाज. आणि परत बाहेर आल्यावर मायकेल इंग्लिशमध्ये बोलतोय, फाब्रित्सियो भाषांतर करतोय, म्हणजे बारवाल्याला प्रत्येक वाक्य दोनदा मिळतं, एकदा नुसता सूर आणि नंतर अर्थ. उर्त्सी त्या दोन्हींवर वेगळी रिॲक्शन देतो. डायलॉग मोजके आणि काम एवढं. हे पकडता आलं की पुढचं सगळं सोपं आहे.

आता इथून उडी थेट करिअरच्या शिखरावर मारायची. सेदोत्ता ए आब्बांदोनाता, 1964, डायरेक्टर पिएत्रो जेर्मी. यात उर्त्सी डॉन विन्चेन्त्सो आस्कालोने आहे, चार चौघांत घराण्याची इज्जत जाऊ नये म्हणून अक्षरशः वेडा झालेला बाप. धाकटी पोरगी आन्येसे, थोरलीच्या ठरलेल्या नवऱ्याकडून दिवस गेलेत, आणि हा माणूस कायद्याची पुस्तकं उघडून हिशोब करत बसतो की कुठल्या मार्गाने गेलं तर अब्रू वाचेल. हे कॉमेडी आहे बरं का, आणि हसता हसता घशात अडकणारी कॉमेडी आहे. बघायच्या आधी एवढं माहिती असू द्या की तेव्हाच्या इटालियन पीनल कोडमध्ये कलम 544 होतं, अत्याचार करणाऱ्याने त्याच मुलीशी लग्न केलं की गुन्हा मिटायचा, आणि कलम 587 होतं, अब्रूसाठी खून केला तर शिक्षा एकदम कमी. दोन्ही कलमं 1981 ला जाऊन रद्द झाली. हे माहिती नसेल तर निम्मे जोक आणि सगळा राग डोक्यावरून जातो.

कानमध्ये त्या वर्षी ज्युरीचा अध्यक्ष फ्रिट्झ लांग होता, आणि बेस्ट ॲक्टरचं अवॉर्ड उर्त्सीला मिळालं, हंगेरीच्या अंताल पागेरबरोबर विभागून. पुढच्या वर्षी इटालियन सिनेपत्रकारांचं नास्त्रो द'अर्जेन्तो पण मिळालं.

हा सिनेमा बघून झाला की गॉडफादरचा सीन लगेच परत लावा. पोरीवरून भडकणारा सिसिलियन बाप! मला तरी वाटतं की कोपोलाच्या सिनेमात तो सीन एवढा पटकन पटतो याचं कारण हेच आहे, इटालियन प्रेक्षकाच्या डोक्यात हा चेहरा म्हणजे डॉन विन्चेन्त्सो आधीपासून फिट्ट बसलेला होता, त्यामुळे वीतेल्लीचं, म्हणजे त्या बारवाल्याचं, कॅरॅक्टर समजावून सांगायची गरजच पडली नाही. कॅरॅक्टर ॲक्टर कामाला लावायचा तो यासाठीच. मागच्या भूमिकांची शिदोरी तो बरोबर घेऊनच येतो.

आता सगळ्यात महत्त्वाचं. तो नट कुठल्या डायरेक्टरकडे परत परत जातो ते शोधा. करिअरचा कणा तिथे असतो, बाकी सगळं भरणा. उर्त्सीची फिल्मोग्राफी उघडा आणि फक्त जेर्मीची नावं बाजूला काढा, लगेच दिसेल. 1949 चा इन नोमे देल्ला लेज्जे, यात उर्त्सी मारेशाल्लो ग्रीफो, म्हणजे गावातल्या काराबिन्येरी, म्हणजे पोलीस, ठाण्याचा प्रमुख, आणि यासाठी त्याला सहायक अभिनेत्याचं नास्त्रो द'अर्जेन्तो मिळालं. 1950 चा इल काम्मीनो देल्ला स्पेरांत्सा, त्यात बरोबर उलटा, खाण बंद पडलेल्या गरीब लोकांना फ्रान्सला नेतो म्हणून पैसे उकळणारा आणि मध्येच सटकायला बघणारा एजंट चिच्चो. 1952 चा इल ब्रिगान्ते दि ताक्का देल लूपो. 1956 चा इल फेर्रोव्येरे, यात जेर्मी स्वतः रेल्वे ड्रायव्हर आणि उर्त्सी त्याचा जिवलग दोस्त जीजी. 1959 चा उन मालेदेत्तो इम्ब्रोल्यो, जेर्मी इन्स्पेक्टर आणि उर्त्सी त्याच्या हाताखालचा पोलीस. मग 1964, आणि शेवटी 1972 चा आल्फ्रेदो आल्फ्रेदो, त्यात डस्टिन हॉफमनचा सासरा.

गंमत अशी की जेर्मी जेनोव्हाचा, म्हणजे पार उत्तरेचा माणूस. उत्तरेकडच्या डायरेक्टरने सिसिलीवर इतके सिनेमे केले आणि बऱ्याचदा हाताशी हा एक अस्सल सिसिलियन ठेवला. 1949 आणि 1964 चे दोन्ही सिनेमे शाक्का नावाच्या समुद्रकाठच्या गावात शूट झालेत. दोन्ही लागोपाठ बघा, पंधरा वर्षांच्या फरकाने तेच ऊन, तशाच पांढऱ्या भिंती, आणि पहिल्यात कायद्याच्या बाजूने उभा असलेला माणूस दुसऱ्यात कायदाच वाकवून घराच्या इज्जतीला ठिगळ लावतोय. माझ्या मते उर्त्सीचं अख्खं करिअर समजून घ्यायला हे दोन सिनेमे पुरेसे आहेत, वेळ नसेल तर बाकी सोडा.

वेळ असेल तर एक शीट बनवा. एक्सेल, वही, काहीही चालेल. वर्ष, सिनेमा, डायरेक्टर हे रकाने तर सगळेच करतात, त्यात तीन रकाने वाढवा. कॅरॅक्टरचा धंदा काय, कॅरॅक्टर कुठल्या प्रांतातलं, आणि आवाज कोणाचा. धंद्याचा रकाना भरला की साचा दिसायला लागतो, पोलीस, पोलीस, बाप, दोस्त, परत पोलीस. प्रांताचा रकाना भरला की साचा कुठे मोडलाय ते दिसतं. उर्त्सीच्या शीटमध्ये मध्येच डॉन कामिल्लो येतो, 1952, आणि प्रांत लिहायला जावं तर एमिलिया, म्हणजे उत्तर इटली! पो नदीच्या काठचं ब्रेशेल्लो गाव, तिथला कम्युनिस्ट मेयर पेप्पोने आणि त्याचा साथीदार ब्रुस्को, तो ब्रुस्को म्हणजे आपला कतानियाचा उर्त्सी. फ्रेंच नट फेर्नांदेल (पाद्री डॉन कामिल्लो) आणि जीनो चेर्वी (पेप्पोने) असलेल्या त्या सिरीजमध्ये तो 1965 च्या पाचव्या भागापर्यंत होता. इटलीत आजही त्याला चेहऱ्याने ओळखणारी मंडळी बहुतेक ब्रुस्को म्हणूनच ओळखतात, कारण टीव्हीवर डॉन कामिल्लो सारखा लागतो. म्हणजे अवॉर्ड मिळालं सिसिलियन म्हणून आणि घराघरात पोचला पो नदीकाठचा म्हणून.

आणि इथेच आवाजाचा रकाना येतो, ज्यात नवीन माणूस हमखास फसतो. त्या काळातल्या इटालियन सिनेमात शूटिंगच्या वेळचा आवाज क्वचितच वापरायचे, सगळं नंतर स्टुडिओत डब व्हायचं. आणि डब करणारा तोच नट असेल असं काही नाही. चेहरा एकाचा, आवाज दुसऱ्याचा, हे सर्रास. त्यामुळे 'काय बोलीभाषा बोललाय यार' असं म्हणायच्या आधी आवाज कोणाचा ते तपासा.

सगळ्यात भारी उदाहरण 1958 चा डायरेक्टर मोनिचेल्लीचा इ सोलिती इन्योती, चोरांच्या टोळीची कॉमेडी. त्यात बहिणीला कुलूपबंद ठेवणारा कडक सिसिलियन भाऊ आहे, फेर्रीबोत्ते. तो नट तिबेरियो मुर्जा, सार्डिनियातल्या ओरिस्तानोचा. सिसिलीशी काही संबंध नाही. रोममधल्या एका रेस्टॉरंटमध्ये भांडी घासत होता तिथून उचलला, हा पहिलाच सिनेमा, आणि आवाज दुसऱ्याचा लावला. बहीण क्लाउदिया कार्दिनाले, ती ट्युनिसमध्ये जन्मलेली आणि वाढलेली, तिलाही दुसरीचाच आवाज. आणि टोळीतला तो सारखा खा खा करणारा म्हातारा कापान्नेल्ले, बोलतो बोलोन्यासारखा, पण नट कार्लो पिसाकाने नेपल्सचा! म्हणजे एकाच सिनेमात तिघांचे प्रांत खोटे, आणि तरीही इटालियन लोकांना तो सिनेमा एकदम अस्सल वाटतो. पुढे मुर्जाचं तर आयुष्यच त्या खोट्या सिसिलियनपणात गेलं, लगेच पुढच्या वर्षी ला ग्रांदे गुएर्रा मध्ये परत सिसिलियन शिपाई, आणि शंभरावर सिनेमांमध्ये बहुतेक वेळा तोच मिशीवाला, मान ताठ ठेवणारा, नजर रोखून बघणारा सिसिलियन. अशा नटाचं करिअर बघताना 'प्रादेशिक' म्हणजे जन्मगाव असं धरून चाललात तर पार वाट चुकाल. प्रांत हा तिथे कधीकधी पोशाखासारखा चढवलेला असतो.

कोणाचा आवाज ते शोधायला इटालियन विकिपीडिया वापरा, इंग्लिश नको. इटालियन पानावर नटाच्या फिल्मोग्राफीच्या खाली बऱ्याचदा वेगळा भाग असतो, या नटाला कुठल्या सिनेमात कोणी आवाज दिला त्याचा. इंग्लिश पानावर हे सहसा मिळत नाही. इटालियन येत नसेल तर ब्राउझरला ट्रान्सलेट करायला सांगा, नावं आणि वर्षंच बघायचीयत. डबिंगवाल्या कलाकारांसाठी इल मोंदो देई दोप्पियातोरी म्हणून जुनी साईट आहे, दिसायला ओबडधोबड पण माल भरपूर. तिथे फिरताना मजेशीर गोष्टी सापडतात, उदाहरणार्थ गॉडफादरमधला डॉन तोम्मासिनो, म्हणजे पालेर्मोचा कोर्रादो गाइपा, हाच इटालियन स्टार वॉर्समध्ये ओबी-वान केनोबीचा आवाज आहे.

आता आवाज खरा असेल तर प्रांत कानाने कसा ओळखायचा? इटालियन अजिबात येत नसली तरी थोडं जमतं. आपल्याला मालवणी आणि वऱ्हाडी दोन वाक्यांत वेगळी कळते ना, अर्थ नंतर, आधी हेल, तसंच आहे हे. सिसिलियनमध्ये आपला कान खरंतर इंग्लिशवाल्यांपेक्षा तेज चालतो, कारण इटालियनमधला 'ल्ल' तिकडे 'ड्ड' होतो, बेल्लोचं बेड्डु, आणि तो ड आपल्या डमरूतल्या डच्या बराच जवळचा, जीभ मागे वळवून काढलेला. युरोपियन भाषेत असा ड ऐकू आला की कान टवकारा. दुसरं म्हणजे सिसिलियन माणूस क्रियापद शेवटी टाकतो. मोंताल्बानो नावाच्या टीव्ही फौजदाराचा फोनवरचा 'मोंताल्बानो सोनो', म्हणजे मोंताल्बानो आहे मी, त्यामुळेच फेमस. आपल्याला यात काही वेगळं वाटणार नाही, पण नॉर्मल इटालियनमध्ये हे उलटं आहे. नेपल्सवाले शब्दाचा शेवटचा स्वर गिळतात. रोमवाले 'इल' च्या जागी 'एर' म्हणतात आणि 'आओ' करून हाक मारतात. एवढ्यावर सुरुवातीला भागतं.

नावांचा घोळ वेगळाच. उर्त्सीच्या नावात शेवटच्या अक्षरावर इटालियन ॲक्सेंटची खूण आहे, कुठे ती टाकतात कुठे नाही, सर्च करताना दोन्ही प्रकारे टाकून बघा. सारो हे रोसारियोचं छोटं रूप, त्यामुळे रोसारियो उर्त्सी असंही कुठेतरी दिसेल. आणि सारो नाव सिसिलीत इतकं कॉमन आहे की इल काम्मीनो देल्ला स्पेरांत्सामध्ये हिरोच्या कॅरॅक्टरचं नाव सारो आहे, ते काम केलंय राफ वाल्लोनेने, आणि सारो उर्त्सी मात्र त्यात चिच्चो आहे. कास्ट लिस्ट वाचताना डोकं भणभणतं. सिनेमांची इंग्लिश नावं पण नोंदवून ठेवा, उन मालेदेत्तो इम्ब्रोल्यो बाहेर द फॅक्ट्स ऑफ मर्डर नावाने चालतो, इल फेर्रोव्येरे द रेलरोड मॅन. मूळ नावाने सबटायटल मिळत नसेल तर या नावाने मिळून जातं.

कुठे बघायचे? सेदोत्ता ए आब्बांदोनाताची चांगली, सबटायटलवाली डिस्क क्रायटेरियन या अमेरिकन कंपनीने काढलीय. राइप्ले, म्हणजे इटालियन सरकारी टीव्हीच्या साईटवर, जुने सिनेमे फुकट असतात पण इटलीच्या बाहेर बरेचसे उघडत नाहीत. बोलोन्याची चिनेतेका, म्हणजे फिल्म अर्काइव्ह, जुने सिनेमे रिस्टोअर करते आणि दर उन्हाळ्यात इल चिनेमा रित्रोवातो नावाचा फेस्टिव्हल भरवते, त्यांच्या यादीवर नजर ठेवली की कशाची चांगली प्रिंट येतेय ते कळतं. इस्तितूतो लूचेचं ऑनलाइन अर्काइव्ह पण धुंडाळा, जुन्या न्यूजरील आहेत तिथे, नट लोक प्रीमियरला, अवॉर्डला कसे दिसायचे वगैरे. डॉन कामिल्लो घेताना मात्र नीट बघा, ते इटली-फ्रान्सचं एकत्र प्रॉडक्शन होतं त्यामुळे इटालियन आणि फ्रेंच अशा दोन व्हर्जन फिरतात. आपल्याला इटालियन नट बघायचेत तर इटालियनच घ्या, फेर्नांदेल त्यात डब केलेला असला तरी.

अवॉर्डनंतरची वर्षं नक्की बघा, लोक तिथे कंटाळून सोडतात. आपल्याला वाटतं कान मिळालं म्हणजे आता गाडी सुसाट. उर्त्सीचं बघा, 1964 ला कान, 1965 ला परत ब्रुस्को, 1966 ला मॉडेस्टी ब्लेझमध्ये छोटं काम, आणि 1972 ला बारवाला. मोठ्या लीडची रांग लागली नाही. वाईट वाटून घेऊ नका, तो धंदाच तसा आहे, ज्या चेहऱ्यामुळे काम मिळतं त्याच चेहऱ्यामुळे लीड मिळत नाही. उर्त्सी 1979 ला गेला, जेर्मी त्याच्या आधी 1974 ला, आणि जेर्मी गेल्यानंतरच्या यादीत फार काही हाताला लागत नाही. डायरेक्टर हा कणा असतो म्हटलं ना मगाशी, ते इथे एकदम स्पष्ट दिसतं.

एक नट संपला की पुढचा कुठून काढायचा? आधीच्याच सिनेमाच्या कास्टमधून. सेदोत्ता ए आब्बांदोनातामध्ये एक कफल्लक, दात पडलेला बॅरन आहे, सतत जीव द्यायला निघालेला, डॉन विन्चेन्त्सो थोरल्या पोरीसाठी त्याला पटवतो. तो लेओपोल्दो त्रिएस्ते, कालाब्रियातल्या रेज्जोचा, मूळचा नाटककार, फेलिनीने लो शेइक्को ब्यांको मध्ये 1952 ला त्याला नवऱ्याचं काम दिलं आणि पुढच्याच वर्षी इ वितेल्लोनी मध्ये परत घेतलं. त्याचा कणा म्हणाल तर सुरुवातीला फेलिनी, मग जेर्मी, आणि म्हातारपणी तोर्नातोरे, नुओव्हो चिनेमा पारादीसो मध्ये किसचे सीन कापायला लावणारा पाद्री तोच. आणि ओळखीचा चेहरा कुठून पकडायचा म्हणाल तर गॉडफादर पार्ट टू, तरुण व्हितो कोर्लेओनेपुढे आधी माज करणारा आणि मग घाबरून परत येणारा घरमालक सिन्योर रोबेर्तो. जाताना त्याला दरवाजा उघडता येत नाही, तिथे पॉज करू नका, पूर्ण चालू द्या.